सौंदर्य आणि क्षय यांना जोडणारा कल्पित सिद्धांत कसा रचावा

कल्पित जग उभारणाऱ्या लेखकाला सौंदर्य आणि क्षय यांचे नाते फार लवकर सुचते आणि तितक्याच लवकर ते त्याच्या हातून निसटते. कोमेजणारे फूल, ओस पडलेला राजवाडा, विझत आलेला दिवा अशा प्रतिमा मनात गर्दी करतात, आणि एखाद्या प्रकरणात त्या जगातला कोणी वृद्ध पंडित ‘जे सरते तेच सुंदर असते’ असे म्हणून मोकळा होतो. वाक्य ऐकायला बरे वाटते, पण ते सुभाषित आहे. सुभाषिताला कोणी पुरावा मागत नाही, त्यातून पुढची कोणतीही गोष्ट निघत नाही आणि त्याच्यामुळे त्या जगातल्या एकाही सोनाराचा धंदा बसत नाही. सिद्धांत मांडायचा असेल तर निदान सोनाराचा धंदा बसला पाहिजे. तो का बसावा हे पुढे येईलच.

असा सिद्धांत पायरीपायरीने कसा रचावा हे दाखवण्यासाठी येथे ‘ओसरकांती’ नावाचे एकच उदाहरण शेवटपर्यंत घेतले आहे. हा सिद्धांत, त्याचे विद्यापीठ आणि त्याची एकके मी याच कामासाठी कल्पिलेली आहेत. निसर्गातले आणि विज्ञानाच्या इतिहासातले जे दाखले मधूनमधून येतील ते मात्र खरे आहेत, कारण खोटा सिद्धांत पटण्याजोगा करायचा असेल तर त्याची हाडे खऱ्या विज्ञानातून घ्यावी लागतात.

क्षय म्हणजे कोणता क्षय

पहिले काम शब्दांचे आहे आणि मराठीत लिहिणाऱ्याला ते सोपे जाते, कारण मोडण्याच्या प्रत्येक रीतीला आपल्याकडे स्वतंत्र क्रियापद आहे. लोखंड गंजते, लाकूड कुजते, दगड झिजतो, रंग विटतो, फूल कोमेजते, कापड विरते, धान्य किडते. यांतली प्रत्येक क्रिया वेगळ्या कारणाने घडते: गंजण्यामागे हवा आणि ओलावा असतात, कुजण्यामागे जिवंत बुरशी आणि जंतू, झिजण्यामागे घर्षण आणि विटण्यामागे बहुधा प्रकाश. ‘क्षय’ या एका भारदस्त शब्दाखाली हे सगळे कोंबले की सिद्धांत तेथेच पोकळ होतो. आपल्या जगातले विद्वान या सर्व क्रिया एकच मानतात की वेगवेगळ्या, हे आधी ठरवून कागदावर लिहून ठेवावे.

दोन भेद विशेष उपयोगी पडतात. पहिला भेद थांबणाऱ्या आणि न थांबणाऱ्या क्षयाचा आहे. तांब्यावर उघड्या हवेत वर्षानुवर्षे हिरवट थर चढतो आणि तोच थर खालच्या धातूला पुढच्या झिजेपासून बऱ्याच अंशी वाचवतो; लोखंडाचा गंज मात्र पापुद्रे होऊन गळतो, खालचा कोरा धातू पुन्हा उघडा पडतो आणि क्षय चालूच राहतो. दुसरा भेद ‘विटणे’ आणि ‘मुरणे’ यांच्यातला आहे. मुरणे हीदेखील काळाने केलेली मोडतोडच असते, पण तिच्या शेवटी वस्तू आधीपेक्षा बरी होते, आणि भाषेने त्यासाठी वेगळे क्रियापद राखून ठेवले आहे. ज्या सिद्धांताला मुरणे आणि विटणे यांच्यातली सीमा सांगता येत नाही, त्याला सौंदर्याबद्दल बोलण्याचा अधिकार फारसा उरत नाही, असे माझे मत आहे.

खऱ्या जगातले दुवे

आता या दोन गोष्टींना जोडणारी यंत्रणा शोधायची. येथे घाई करू नये, कारण निसर्गाने हे काम अनेक रीतींनी आधीच करून ठेवले आहे आणि प्रत्येक रीत निराळ्या सिद्धांताला जन्म देऊ शकते.

पानगळीच्या आधी पाने पिवळी होतात तेव्हा तो पिवळा रंग नव्याने तयार होत नाही. हरितद्रव्य मोडत जाते आणि त्याच्याखाली आधीपासूनच असलेली कॅरोटिनॉइड वर्गातली रंगद्रव्ये दिसू लागतात. पाने लाल होतात तेव्हा गोष्ट उलटी असते: अँथोसायनिन हे लाल रंगद्रव्य बहुतांशी त्याच काळात, पान मरणाच्या वाटेला लागल्यावर, नव्याने बनते. एकाच रानात, शेजारशेजारच्या दोन झाडांवर, आपल्याला दोन परस्परविरोधी सिद्धांत मिळतात. पहिल्यानुसार सौंदर्य मुळातच तेथे असते आणि क्षय केवळ पडदा बाजूला करतो. दुसऱ्यानुसार क्षयच सौंदर्य घडवतो. आपल्या जगात दोन भांडणाऱ्या विद्यापरंपरा हव्या असतील तर याहून चांगले बीज शोधण्याची गरज नाही.

ट्यूलिपचा दाखला याहून बोचरा आहे. सतराव्या शतकात नेदरलँड्समध्ये ज्या ट्यूलिपांच्या पाकळ्यांवर ज्वाळांसारखे पट्टे उमटत, त्यांच्या कंदांना अवाच्या सवा किंमत येई; १६३७ मध्ये तो बाजार कोसळला. ते पट्टे विषाणूच्या संसर्गाने उमटत असत, मावा ही कीड तो विषाणू पसरवत असे आणि ज्या कंदाला तो लागे तो पिढीगणिक दुबळा होत जाई. पट्ट्यांचे कारण संसर्गजन्य आहे हे डोरोथी केली यांनी १९२८ मध्ये दाखवून दिले, म्हणजे माणसे जवळजवळ तीनशे वर्षे एका रोगाची आवडीने जोपासना करत होती. कल्पित जगासाठी यातून मिळणारी गोष्ट अशी की लोकांना यंत्रणा ठाऊक नसतानाही तिच्यावर बाजार, प्रतिष्ठा आणि कर्जे उभी राहू शकतात, आणि सिद्धांत नंतर, कधीकधी फारच उशिरा येतो.

अगरूचे उदाहरण जखमेचे आहे. निरोगी झाडाचे लाकूड फिकट असते आणि त्याला फारसा गंध नसतो. जखमेतून बुरशी शिरली की झाड बचावासाठी गडद, सुगंधी राळ तयार करते आणि मोल येते ते त्या राळेला. कुजत्या लाकडात दिसणाऱ्या काळ्या नागमोडी रेषाही अशाच संघर्षातून येतात: बुरशीच्या दोन वसाहती एकमेकींना भिडतात तेथे त्या सीमेवर गडद भिंत उभारतात, आणि सुतार ती फळी नक्षीदार म्हणून वेगळी काढून ठेवतो. एका जातीची बुरशी तर लाकडाला निळसर हिरवा रंग देते आणि प्रबोधनकाळातल्या इटलीतील कारागिरांनी जडावकामात तो रंग मुद्दाम वापरला. शेवटचा दाखला प्रमाणाचा. जाईजुईच्या कुळातल्या फुलांच्या सुवासात इंडोल नावाचे संयुग असते आणि तेच संयुग विष्ठेतही असते. फार विरळ असताना ते फुलासारखे वाटते, दाट झाले की नाक धरावे लागते. सौंदर्य आणि कुजणे यांच्यात जातीचा फरक नसून मात्रेचा आहे, असे मानणाऱ्या विद्वानाला एवढा एक पुरावा पुरेसा होईल.

विधान आकड्यांत बसवणे

यंत्रणा निवडली की ती एका वाक्यात आणि शक्य असल्यास एका सूत्रात मांडावी. ओसरकांतीचा माझा पहिला मसुदा असा होता: वस्तूचे सौंदर्य तिच्या क्षयाच्या वेगाच्या प्रमाणात असते. तो चोवीस तासही टिकला नाही. किरणोत्सारी पदार्थांप्रमाणे एखादी वस्तू ठरावीक काळात निम्मी, मग पुन्हा तेवढ्याच काळात उरलेल्याची निम्मी, अशी मोडत जाते असे धरले, तर वेग पहिल्याच क्षणी सर्वांत जास्त असतो आणि पुढे उतरत जातो. म्हणजे सौंदर्याचा कळस आरंभीच येणार आणि अर्धवट ढासळलेल्या मनोऱ्यासमोर थांबणारा प्रवासी त्या सिद्धांतात कोठेच बसणार नाही. ज्या अनुभवासाठी सिद्धांत रचायचा तोच अनुभव सूत्रातून गळून पडला.

दुसऱ्या मसुद्यात मी दोन राशी घेतल्या: वस्तूचा शिल्लक भाग आणि सरलेला भाग. ओसरकांती म्हणजे या दोहोंचा गुणाकार. वस्तूचे शंभर भाग कल्पिले आणि दहा भाग सरले असतील, तर कांती दहा गुणिले नव्वद, म्हणजे ९०० येते. पन्नास सरले असतील तर २,५०० येते आणि नव्वद सरले की पुन्हा ९००. अगदी कोऱ्या वस्तूची कांती शून्य, पूर्ण राख झालेल्या वस्तूचीही शून्य, आणि कळस बरोबर मध्यावर. एवढे सोपे गणित असलेले बरे, कारण ते वाचकाला बोटांवर करता येते आणि कथेतल्या पात्रांनाही. शिवाय पुढचे सगळे परिणाम त्यातूनच आपोआप निघतात.

मोजणार कसे

सूत्र आले की मापक लागते आणि बहुतेक कल्पित सिद्धांत येथेच लंगडे पडतात. ‘विद्वानांनी सौंदर्य मोजले’ एवढे लिहून भागत नाही. कशाने मोजले, कोणी मोजले आणि मोजताना काय चुकले, हे सांगावे लागते. ओसरकांतीच्या विद्यापीठात एका लांब दालनात वस्तू ठेवली जाते, आणि दुसऱ्या कामासाठी धाडलेल्या शंभर माणसांना त्या दालनातून जायला लावतात. पडद्याआडचा लेखनिक प्रत्येक जण वस्तूपाशी किती श्वास थबकला हे मोजतो आणि त्या सरासरीला ‘थबक’ म्हणतात. माणसांना प्रयोगाची कल्पना दिलेली नसते. एवढी दक्षता दाखवली की वाचकाचा त्या विद्वानांवर विश्वास बसतो, आणि पुढे तो मोडायचा असेल तर आधी तो बसलेला असणे आवश्यक आहे.

लोकांचे स्वभाव वेगवेगळे असतात, म्हणून प्रमाण वस्तू हवी. विद्यापीठाच्या तळघरात एक दगडी मुखवटा आहे. तो नेमका अर्धा झिजलेला मानला जातो आणि त्याच्यापाशी येणारी थबक ही सर्व मोजमापांची पट्टी आहे. आता गंमत पाहा. दरवर्षी पट्टी पडताळताना तो मुखवटा उचलला जातो, पुसला जातो, बोटांनी चाचपला जातो, आणि त्यामुळे तो अर्ध्याहून अधिक झिजत जातो. सिद्धांतानुसार त्याची कांती घटते, आणि पट्टीच आखूड झाल्यामुळे जगातली बाकी प्रत्येक वस्तू दरवर्षी थोडी अधिक सुंदर भरते. हे फार ओढूनताणून आणलेले नाही. किलोग्रॅमची व्याख्या १८८९ पासून एका धातूच्या दंडगोलावर आधारलेली होती, आणि पुढे तो दंडगोल व त्याच्या अधिकृत प्रती यांच्या वजनांत सुमारे पन्नास मायक्रोग्रॅमपर्यंतचा फरक पडल्याचे आढळले. बदलले कोण, मूळ की प्रती, हे सांगायला दुसरी पट्टीच नव्हती. २०१९ मध्ये ती व्याख्या प्लांकच्या स्थिरांकावर, म्हणजे निसर्गातल्या एका न बदलणाऱ्या राशीवर, नेण्यात आली. आपल्या विद्यापीठाला असा स्थिरांक देऊ नये. पट्टी झिजते हे ठाऊक असूनही गप्प बसलेला तळघराचा रखवालदार कथेला अधिक उपयोगी आहे.

काय अशक्य आहे

सिद्धांत काय सांगतो यापेक्षा तो काय नाकारतो यावर त्याचे वजन ठरते. ओसरकांती दोन गोष्टी नाकारते: कोरी वस्तू सुंदर असू शकत नाही, आणि न झिजणारी वस्तूही सुंदर असू शकत नाही. विरोधकांनी नेमके तेथेच बोट ठेवले पाहिजे. नुकतीच उमललेली कळी कोरी असूनही सुंदर का, असा प्रश्न येईल. त्यावर विद्वान म्हणतील की कळी कोरी नाहीच. बीजातला साठा सरत आला आहे आणि कळी हे त्याचे मध्यावरचे रूप आहे. हे उत्तर चतुर आहे आणि थोडेसे संशयास्पदही, कारण या रीतीने कोणतीही वस्तू कशाचा ना कशाचा मध्य ठरवता येते. असा संशय पुसून टाकू नये, तो तसाच राहू द्यावा.

याच टप्प्यावर प्रतिस्पर्धी सिद्धांत उभा करावा आणि दोघांचे भाकीत वेगळे पडेल असा एक प्रयोग ठेवावा. समजा, दुसऱ्या पंथाचे म्हणणे असे की क्षयामुळे सौंदर्य येत नाही, तर सुंदर वस्तूकडे पाहणाऱ्यांच्या नजरेमुळे तिचा क्षय होतो. मग एकाच झाडाची दोन फुले घ्यावीत, एक शंभर माणसांसमोर आणि दुसरे बंद खोलीत ठेवावे, आणि आधी कोमेजते कोणते हे पाहावे. फ्रान्सेस्को रेडीने १६६८ मध्ये मांस काही भांड्यांत उघडे, तर काहींत झाकून ठेवून अळ्या माश्यांच्या अंड्यांतून येतात हे दाखवले, त्याच घडणीचा हा प्रयोग आहे. शंभर माणसांसमोरचे फूल खरोखरच आधी कोमेजेल, आणि दुसरा पंथ विजयोत्सव करील. पण कोमेजण्यामागे नजर होती की शंभर जणांच्या श्वासांची ऊब, हे त्यांनी तपासलेलेच नसेल. फ्रान्समधील लास्को गुहेतली प्रागैतिहासिक चित्रे १९६३ मध्ये लोकांसाठी बंद करावी लागली, ती पाहणाऱ्यांच्या श्वासातला कार्बन डायऑक्साइड, ओलावा आणि त्यासोबत वाढलेले शेवाळ यांमुळेच. संग्रहालयांत नाजूक जलरंगांवर साधारण पन्नास लक्सहून अधिक उजेड पडू देत नाहीत, कारण ज्या प्रकाशात चित्र दिसते तोच प्रकाश ते विटवतो. पाहण्याची किंमत वस्तूला मोजावी लागते हे विधान अशा रीतीने खरे आहे. केवळ त्यामागचे कारण त्या पंथाला वाटते ते नाही.

जगावर होणारे परिणाम

हा भाग लिहायला सर्वांत मजेचा असतो, म्हणून तो आवरता घ्यावा. सोने गंजत नाही, म्हणून ओसरकांती मानणाऱ्या देशात त्याची कांती शून्य आहे. तेथे सोन्याच्या पन्हाळी आणि कड्या करतात, आणि वधूच्या गळ्यात अर्धवट गंजलेल्या लोखंडाची साखळी घालतात. जीर्णोद्धार हा गुन्हा आहे. गवंड्यांची एक श्रेणी केवळ नव्या इमारती मध्यापर्यंत आणून ठेवण्याचे काम करते आणि दुसरी श्रेणी त्या मध्यावर थोपवून धरण्याचे; दुसऱ्या श्रेणीचे वेतन अर्थातच जास्त आहे. मध्यवयीन माणसांना मान मिळतो, आणि मुले व वृद्ध यांच्याकडे पाहण्याची पद्धत नाही. हे शेवटचे वाक्य लिहिताना मला स्वतःलाच जरा कसेसे झाले, आणि सिद्धांत नीट चालू लागल्याची ती खूण समजावी. प्रत्येक परिणाम सूत्रातून निघतो का, हे मात्र पुन्हा पुन्हा तपासावे. केवळ विचित्र वाटतो म्हणून आत आलेला तपशील वाचक लगेच ओळखतो.

चूक कोठे ठेवायची

सिद्धांत खरा, खोटा की अर्धा खरा, हे लेखकाला आरंभापासून ठाऊक असले पाहिजे, पात्रांना नसले तरी चालेल. माझा कल अर्ध्या खऱ्याकडे आहे. संपूर्ण खोटा सिद्धांत उघडा पडला की कथेत केवळ फसवणूक उरते, आणि संपूर्ण खरा असेल तर त्या जगातल्या विद्वानांना करण्यासारखे काही राहत नाही.

चुकीची पहिली खूण सूत्राच्या काठावर दिसावी. अठराव्या शतकातल्या रसायनज्ञांचे असे मत होते की जळताना पदार्थातून फ्लोजिस्टन नावाचे द्रव्य बाहेर पडते. पण धातू हवेत तापवून भस्म केले की त्याचे वजन वाढत असे. द्रव्य बाहेर गेल्यावर वजन वाढावे कसे, यावर काहींनी फ्लोजिस्टनला उणे वजन असते असेही उत्तर दिले, आणि अखेर लाव्हाझिएने हवेतला ऑक्सिजन धातूशी जोडला जातो हे दाखवून तो घोळ मिटवला. ओसरकांतीच्या पंडितांनीही क्षय वजनाने मोजला, तर त्यांची अशीच फजिती होते. शंभर भाग लोखंड गंजले आणि भरले एकशे दहा. म्हणजे सरलेला भाग उणे दहा, शिल्लक एकशे दहा आणि कांती उणे १,१००. त्याच लोखंडाची साखळी वधूच्या गळ्यात आहे. यावर उणे कांतीचा एक उपपंथ निघावा, त्याने जाडजूड भाष्ये लिहावीत, आणि वजनाऐवजी दुसरे काही मोजावे हे दोन पिढ्यांत कोणालाही सुचू नये.

खरी चूक मात्र याहून खोल, मापकातच असावी. थबक मोजते काय? माणूस सौंदर्यासमोर थबकतो तसाच तो भीतीसमोर, किळसेसमोर आणि दुःखासमोरही थबकतो. अर्ध्या पडलेल्या मनोऱ्यासमोर तो कदाचित केवळ उरलेला अर्धा मनात पुरा करण्यासाठी उभा राहत असेल. विद्यापीठाच्या नोंदवहीतला सर्वांत मोठा आकडा साथीच्या वर्षातला आहे. त्या दिवशी दालनात वस्तू नव्हती, एक आजारी स्त्री वाट चुकून बाकावर येऊन बसली होती, आणि लेखनिकाने नेमून दिलेले काम म्हणून शंभर माणसांचे श्वास मोजले. ती स्त्री सिद्धांत मांडणाऱ्या विदुषीची आई होती, हे वहीत लिहिलेले नाही.

ही नोंद वाचकाला कथेच्या आरंभीच दाखवावी, थबक म्हणजे काय हे त्याला कळण्याच्या आधी, तांब्याचे ताट, वाळलेली कमळे आणि फुटका आरसा यांच्या आकड्यांमध्ये, एका ओळीत, कोणतेही भाष्य न करता: बाक, तळमजला, एकोणचाळीस.